व्युत्पत्ती नसलेला शब्द

गेल्या पौषात एका समुपदेशन केंद्राचे चार पानी माहितीपत्रक माझ्याकडे भाषांतरासाठी आले. काम किरकोळ होते. चिंता, निद्रानाश, शोक, व्यसन या सगळ्यांसाठी मराठीत रुळलेले शब्द आहेत आणि ते हाताशी असले की अशी पत्रके एका बैठकीत उरकतात. तिसऱ्या पानावर मात्र एक शब्द आला आणि मी थांबले. लिमरन्स. त्याखाली दोन ओळींचे वर्णन होते: एखाद्या व्यक्तीविषयीची अशी अनावर ओढ, की नको असतानाही तिचेच विचार मनात येत राहतात आणि तिलाही आपल्याविषयी तसेच वाटावे, याखेरीज दुसरे काही हवेसे वाटत नाही. मी केंद्राला कळवले की याला नेमका मराठी शब्द सापडत नाही, दोन दिवस लागतील. उत्तर पाच मिनिटांत आले. ‘आकर्षण लिहून टाका मॅडम, लोकांना कळतं.’

लोकांना कळते, हे खरेच. तरीही ते उत्तर दातात अडकलेल्या बडीशेपेसारखे दिवसभर जिभेला लागत राहिले. आकर्षण हा शब्द वाईट नाही. आ हा उपसर्ग आणि कृष् हा धातू, अर्थ, ओढणे. त्याच धातूपासून कृषी आली, कारण नांगरही ओढावाच लागतो. पण आकर्षणात ओढणारी वस्तू जवळ असावी लागते. लोहचुंबक दूर नेला की टाचणी टेबलावर निपचित पडून राहते. त्या दोन ओळींत जे सांगितले होते ते याच्या नेमके उलटे होते. तिथे समोरचे माणूस जितके दूर आणि त्याच्या मनाचा अंदाज जितका कमी, तितकी टाचणी अधिक थरथरते. हे मला पुस्तकातून कळलेले नव्हते. एकोणिसाव्या वर्षापासून बाविसाव्या वर्षापर्यंत मी त्या टाचणीच्या जागी होते, आणि या प्रकाराला काही नाव असेल अशी शंकाही तेव्हा मला आली नव्हती.

नाशिकच्या महाविद्यालयात माझ्या वर्गातला एक मुलगा निफाडच्या बाजूने रोज एसटीने येत असे. त्याने एकदा माझी अर्थशास्त्राची वही दोन दिवसांसाठी नेली. ती परत आली तेव्हा तिच्यात एसटीचे एक तिकीट राहिले होते. आता यंत्रातून सुळकन बाहेर येते ती गुळगुळीत पट्टी नव्हे. कंडक्टरने पत्र्याच्या पेटीतल्या गड्डीतून फाडायचे आणि पंचने टकटक भोके पाडून हातात द्यायचे, ते जुने तिकीट. दोन बोटांत मावेल एवढे, पातळ पिंगट कागदाचे, थोडी पसरलेली शाई, फाडताना एका कडेला निघालेली मिशी आणि चार भोके. त्यांपैकी एक भोक पुरते पडलेले नव्हते. कागदाची इवलीशी टिकली एका बाजूने चिकटून राहिली होती आणि बोट फिरवले की दारासारखी आतबाहेर होत असे. ती टिकली मी तीन वर्षे पडू दिली नाही. तिकीट सापडले ते मागणी आणि पुरवठ्याच्या आलेखाच्या पानात. ते तिथे चुकून राहिले की मुद्दाम ठेवले, आणि ठेवले असेल तर नेमके त्याच पानात का, या प्रश्नावर मी जेवढा विचार केला तेवढा त्या आलेखावर केला असता तर प्राध्यापकांनी माझे कौतुक केले असते. मी तिकिटाच्या क्रमांकातील अंकांची बेरीज करून पाहिली. भोके ज्या आकड्यांवर पडली होती ते आकडे त्याच्या हजेरी क्रमांकाशी ताडून पाहिले. त्या तीन वर्षांत आम्ही एकमेकांशी जे बोललो ते सगळे एकापुढे एक ठेवले तर तासभरही भरणार नाही. तरी निफाडची गाडी सीबीएसला, म्हणजे नाशिकच्या मध्यवर्ती बसस्थानकावर, लागण्याची वेळ माझ्या अंगात घड्याळासारखी बसली होती, आणि पाटीवरची ती तीन अक्षरे दिसली की छातीच्या बरोबर मध्ये कोणीतरी अंगठा दाबून धरल्यासारखे होत असे.

छातीच्या बरोबर मध्ये. हे मी मुद्दाम लिहिते आहे.

कारण ज्या बाईंनी लिमरन्स हा शब्द घडवला त्यांनीही हेच नोंदवून ठेवले आहे. डोरोथी टेनॉव्ह या अमेरिकेतल्या कनेटिकट राज्यातील ब्रिजपोर्ट विद्यापीठात मानसशास्त्र शिकवत असत. त्यांनी शेकडो लोकांना प्रश्नावल्या दिल्या, मुलाखती घेतल्या, लोकांनी विश्वासाने दिलेल्या रोजनिश्या वाचल्या आणि प्रेमात पडणे म्हणजे नेमके काय होणे, हे लोकांच्याच तोंडून ऐकून १९७९ साली पुस्तकरूपाने मांडले. अनिश्चितता वाढली की दुखते ती जागा कोणती, तर छातीच्या समोरच्या बाजूस, मध्यभागी. प्रतिसादाची पुसटशी खूण दिसली की पाय जमिनीवर टेकत नाहीत. एका वेळी एकच व्यक्ती. तिच्यासमोर जीभ अडखळते आणि तिच्या गैरहजेरीत मनातल्या मनात संवादांची नाटके रंगतात. अडथळा आला की ओढ कमी होण्याऐवजी वाढते. तिच्यातले दोष दिसत नाहीत असे नव्हे. दिसतात, पण तेही गोजिरे वाटतात. वाचताना मला आधी हसू आले आणि मग संकोच वाटला. आपली खासगी वही कोणीतरी चाळीस वर्षांपूर्वीच, सातासमुद्रापलीकडे, छापून ठेवलेली असावी तसा. आपले दुःख एकमेवाद्वितीय नव्हते हे कळल्यावर हलके वाटायला हवे. हलके वाटलेही. पण त्याच्याबरोबर एक बारीकसा अपमानही वाटला, तो नाकारण्यात अर्थ नाही.

मी भाषेवर पोट भरणारी असल्यामुळे अपमान गिळून लगेच शब्दाच्या मुळाकडे वळले. वैद्यकातील शब्द म्हटला की आपण ग्रीक किंवा लॅटिन शोधू लागतो. काळे पित्त म्हणून मेलनकोली, म्हणजे खिन्नता. इरॉस म्हणजे प्रेम आणि मेनिया म्हणजे वेड, ते जोडून इरोटोमेनिया. एकोणिसाव्या शतकात क्राफ्ट-एबिंगसारख्या युरोपीय डॉक्टरांनी माणसांच्या ओढींची वर्गवारी करायला घेतली तेव्हा या जोडकामाला ऊतच आला. क्राफ्ट-एबिंगने १८८६ साली प्रसिद्ध केलेल्या आपल्या ग्रंथात तर नाजूक तपशील सरळ लॅटिनमध्ये लिहिले होते, म्हणजे शिकलेल्या डॉक्टरांखेरीज कोणाला कळू नये. एखाद्या ओढीला मृत भाषेतले नाव दिले की ती ओढ सांभाळून हाताळता येते, तिच्यावर चिठ्ठी डकवून ती काचेच्या बरणीत ठेवता येते. लिमरन्सच्या बरणीवरही अशीच एखादी चिठ्ठी असेल या समजुतीने मी शोधत राहिले. लॅटिनमध्ये लिमेन म्हणजे उंबरठा. मला वाटले, सापडले. ना आत ना बाहेर, दारात ताटकळत राहणे, किती नेमके! भाषांतर करणाऱ्याला असा क्षण वर्षातून एखादाच लाभतो आणि तो लाभला की चहा करून घ्यावासा वाटतो. मी चहा केलाही.

चहा संपण्याआधी तो आनंद ओसरला. १९७७ साली लंडनच्या ‘ऑब्झर्व्हर’ या वृत्तपत्रात टेनॉव्हबाईंचे म्हणणे छापून आले होते, आणि त्यांनी सरळच सांगून टाकले होते की या शब्दाला काहीही मूळ नाही. आधी त्यांनी अमोरन्स असा शब्द वापरून पाहिला होता, त्यात लॅटिनचा अमोर तरी होता. तो सोडून त्या लिमरन्सकडे आल्या. शब्द दिसायला बरा आहे, फ्रेंचमध्येही चांगला चालतो, आणि त्याला कसलीही व्युत्पत्ती नाही हे माझ्याकडून लिहून घ्या, असा त्यांचा एकूण सूर. मला त्या बाईंचा विलक्षण हेवा वाटला. आपल्याकडे एखाद्याने शब्द घडवला तर पहिला प्रश्न येतो, धातू कोणता? सावरकरांनी घडवलेले महापौर आणि दिनांक आज आपण सहज वापरतो, पण त्या प्रत्येकाच्या मागे संस्कृताची भक्कम भिंत आहे. भिंतीला न टेकता शब्द उभा करायचा आणि वर तो भिंतीशिवायच उभा आहे हे जाहीर करायचे, याला धारिष्ट लागते. या बाईंना परंपरेचा धाकही फारसा नसावा, कारण १९७५ साली त्यांनी चक्क मानसोपचारांवरच टीका करणारे पुस्तक लिहिले होते. लिमरन्सला त्यांनी रोग म्हटले नाही. अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञांच्या विकारांच्या अधिकृत यादीतही त्याला जागा मिळालेली नाही. तरीही शब्दाचा उच्चारच दवाखान्यातला असल्यामुळे असेल, आता तो सर्रास लक्षण म्हणून वापरला जातो आणि समुपदेशकांच्या पत्रकात निद्रानाशाच्या खाली येऊन बसतो.

मूळ नसलेला शब्द त्या अवस्थेला का शोभतो, हे मला पाकशास्त्रातून कळले. अर्थात पहिला मान फ्रेंचांचा आहे. स्तांदाल या फ्रेंच लेखकाने १८२२ साली प्रेमावर लिहिलेल्या ग्रंथात साल्झबर्गच्या मिठाच्या खाणींचे उदाहरण दिले आहे. हिवाळ्यात पाने झडलेली एखादी फांदी खाणीत टाकायची आणि दोन-तीन महिन्यांनी बाहेर काढायची. तिच्या बारीकातल्या बारीक डहाळीवरही स्फटिक चढलेले असतात आणि मूळची फांदी ओळखू येत नाही. प्रिय व्यक्तीचे आपल्या मनात हेच होते, असे त्याचे म्हणणे, आणि टेनॉव्हबाईंनी त्याचा आधार वारंवार घेतला आहे. स्तांदाल हे अनुभवाने बोलत होता. मिलानमधल्या मेटिल्ड डेंबोव्स्की या बाईंवर त्याचे एकतर्फी प्रेम होते. १८१९ साली त्या आपल्या मुलांना भेटायला व्होल्टेरा गावी गेल्या, तेव्हा हा हिरवा चष्मा लावून, वेष पालटून त्यांच्या मागे गेला आणि त्यांनी त्याला ओळखले. हिरवा चष्मा! पस्तिशी उलटलेला, नेपोलियनच्या सैन्याबरोबर रशियाची मोहीम पाहून आलेला माणूस. माझे तिकीट त्यापुढे फारच सोज्वळ म्हणायचे.

पण मिठाची खाण मी पाहिलेली नाही. मी पाहिला आहे तो हलवा. संक्रांतीच्या आधी आठ दिवस आमच्या घरी आई हलवा करायला बसत असे. नाशिकची थंडी त्याला लागतेच. हवा उबदार झाली की काटा फुलत नाही. शेगडीत निखारे राखेने अर्धे झाकायचे, वर पितळी परात, परातीत मूठभर भाजलेले तीळ. शेजारी वाटीत साखरेचा पाक. चमच्याच्या टोकाने पाकाचे तीन-चार थेंब सोडायचे आणि बोटांच्या अग्रांनी तीळ हलकेच फिरवत राहायचे. पाक सुकला की पुन्हा तीन-चार थेंब. घाई करून जास्त पाक घातला तर सगळ्याचा एक गोळा होतो, जोरात फिरवले तर काटा मोडतो आणि परातीत नुसता साखरेचा भुगा उरतो. आईची बोटे पोळून तांबडी होत. शेजारच्या वाडग्यात गार पाणी असे, त्यात ती बोटे बुडवून, पदराला पुसून, पुन्हा परातीत. पहिल्या दिवशी काहीच दिसत नाही, तीळ फक्त जरा फिकुटतो. दुसऱ्या दिवशी तो खरबरीत होतो. चौथ्या-पाचव्या दिवशी सकाळी परातीवरचे फडके उचलावे तर आत शुभ्र, काटेरी, लहान-लहान चांदण्या. तीळ कुठे गेला हे विचारण्याचे कोणाच्या मनातही येत नाही. स्तांदालची फांदी खाणीत नुसती पडून होती; मीठ आपसूक चढले. आमचा तीळ मात्र कोणीतरी रात्रंदिवस बोटे भाजून घेत फिरवत बसलेले असते. मला विचाराल तर लिमरन्सचे वर्णन म्हणून खाणीपेक्षा परात खरी आहे. त्या मुलाने काही केले नाही. मीच रोज थेंब सोडत होते आणि मीच फिरवत होते. ज्या वर्षी मला ते तिकीट सापडले त्या वर्षीही आई परातीशी बसली होती आणि मी तिच्याजवळ, वही मांडीवर घेऊन, अभ्यास करत असल्याचे सोंग करत होते.

परातीखालचा निखारा म्हणजे संशय. टेनॉव्हबाईंचे हे निरीक्षण मला सर्वांत मोलाचे वाटते. आशा पूर्ण मेली तर ओढ टिकत नाही आणि पूर्ण फळली तरी टिकत नाही. दोन्हींच्या मध्ये, होय आणि नाही यांच्यामध्ये, ती सर्वांत जोमाने वाढते. म्हणून माणूस खुणा वाचत बसतो. ज्ञानेश्वरांची विरहिणी पैलाड कोकणाऱ्या कावळ्याला शकुन विचारते, त्याला दहीभाताची उंडी देऊ करते. सातशे वर्षांनी मी तिकिटाची भोके वाचत होते. तिची ओढ पंढरीच्या रायाकडे होती आणि माझी निफाडच्या गाडीकडे, हा फरक मोठाच. पण कावळ्याकडे बघणारी नजर तीच. आणि या नजरेच्या पलीकडे एक पायरी आहे. क्लेरांबो नावाच्या फ्रेंच मनोविकारतज्ज्ञाने १९२१ साली पॅरिसमधल्या एका त्रेपन्न वर्षांच्या बाईची हकीकत लिहिली आहे. इंग्लंडचा राजा पाचवा जॉर्ज आपल्यावर प्रेम करतो, अशी तिची खात्री होती. ती लंडनला जाऊन बकिंगहॅम राजवाड्यासमोर उभी राहत असे आणि एकदा एका खिडकीचा पडदा हलला, तेव्हा तो राजाने आपल्यासाठी केलेला इशारा आहे असे तिने ओळखले. वाचता वाचता माझ्या अंगावर काटा आला, कारण पडदा आणि तिकीट यांत मला अंतर दिसेना. नंतर दिसले. तिला शंका नव्हती. मी मात्र रोज रात्री ‘चुकून राहिले असेल’ असे स्वतःला सांगत होते आणि रोज सकाळी ते पुन्हा तपासत होते. त्या बाईची कीव येत असताना तिच्या निःशंकपणाचा किंचित हेवाही वाटून गेला.

आपल्याकडच्या शास्त्रकारांनी या वाटेचे टप्पे फार पूर्वी मोजून ठेवले आहेत. वात्स्यायनाच्या कामसूत्रात कामाच्या दहा अवस्था सांगितल्या आहेत: डोळ्यांची प्रीती, मनाचे जडणे, मग संकल्प, मग झोप उडणे, अंग वाळणे, इतर विषयांतून मन उठणे, लाज सुटणे, उन्माद, मूर्च्छा आणि शेवटी मरण. साहित्यशास्त्रात यादी थोडी बदलते, पण शेवटची पायरी तीच राहते. या यादीत मला एक गोष्ट खटकते. जिना फक्त वर जातो. उतरण्याची सोयच नाही. कोणी बरे झाले, कंटाळले, नोकरीला लागले, अशी अवस्था शास्त्रकारांना सांगावीशी वाटली नाही. टेनॉव्हबाईंनी मात्र मुदत सांगितली, सर्वसाधारणपणे दीड ते तीन वर्षे. १९९९ साली इटलीतल्या पिसा येथील मराझ्झिती आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नुकत्याच प्रेमात पडलेल्या वीस जणांचे रक्त तपासले. मंत्रचळेपणाचा विकार असलेल्या वीस रुग्णांच्या रक्तात सेरोटोनिन हे मेंदूतही काम करणारे रसायन वाहून नेणारे प्रथिन जसे कमी आढळले तसेच ते या प्रेमिकांच्याही रक्तात कमी आढळले. आणि त्यांच्यातल्या काहींना वर्षभराने पुन्हा तपासले तेव्हा प्रमाण पूर्ववत झाले होते. वीस माणसे म्हणजे काही जग नव्हे, हे मलाही कळते. पण गॅस बंद केला आहे की नाही हे सात वेळा पाहणारा माणूस आणि तिकिटाची टिकली शाबूत आहे की नाही हे सात वेळा पाहणारी मुलगी यांना कोणीतरी एका बाकावर बसवले, याचे मला समाधान वाटले.

शेवटाचेही टेनॉव्हबाईंनी तीन प्रकार सांगितले आहेत. प्रतिसाद मिळून ओढ निवते, किंवा ती दुसऱ्या कोणाकडे वळते, किंवा तिची उपासमार होते. माझी उपासमारीने गेली. तिसऱ्या वर्षाची परीक्षा झाली, निफाडची गाडी मला दिसेनाशी झाली, आणि एका पावसाळ्यात, कोणत्या दिवशी ते सांगता येणार नाही, माझ्या लक्षात आले की कित्येक आठवड्यांत मी ती वही उघडलेली नाही. पुढे वीसेक वर्षांनी तो एका लग्नात पंक्तीत समोर बसलेला दिसला. जिलेबी नको म्हणून त्याने ताटावर हात आडवा धरला होता. मी त्या हाताकडे बघत काहीतरी वाटण्याची वाट पाहिली. वाढपी पुढे गेला, भात आला, आणि काही वाटले नाही.

त्या न वाटण्याने मला जितके अस्वस्थ केले तितके वाटण्याने कधी केले नव्हते.

हे सगळे मी गेल्या पौषात आईला सांगितले. तिला आता एकोणऐंशीवे चालू आहे आणि आपल्या मुलीचे काही ऐकून धक्का बसण्याचे वय तिने मागे टाकले आहे. तिने ऐकून घेतले, आणि मग अगदी मनापासून विचारले, ‘अगं, पण तीन वर्षं? एका तिकिटावर?’ मी तिला झोप उडण्याविषयी सांगितले, छातीतल्या अंगठ्याविषयी सांगितले. ती म्हणाली, ‘मला नाही गं कधी असं झालं. तुझ्या बाबांच्या आधीही नाही आणि त्यांच्या बाबतीतही नाही. ते घरी आले की बरं वाटायचं. उशीर झाला की काळजी वाटायची. ते गेले तेव्हा फार वाईट वाटलं, अजून वाटतं. पण झोप? झोप मला रोज लागायची.’ मग थोडे थांबून, ‘मला वाटायचं हे सगळं गाण्यात असतं.’ टेनॉव्हबाईंच्या कामातला सर्वांत मोठा शोध नेमका हाच होता, आणि तो त्यांना प्रश्नावलीतून नव्हे तर एका लांबच्या विमानप्रवासात मैत्रिणीशी बोलताना लागला. त्या मैत्रिणीने प्रेम केले होते, माणसांवर माया केली होती, पण ही अवस्था तिला ठाऊकच नव्हती. अशी माणसे पुष्कळ आहेत, ती कोरडी नसतात, आणि ज्यांना हे झाले आहे त्यांचे बोलणे त्यांना बढाईचे वाटते. ज्यांना झाले आहे त्यांना या माणसांचे प्रेम कमी दर्जाचे वाटते. बाबा आजारी असताना दोन वर्षे त्यांची पथ्याची पेज कधी एक मिनीट उशिरा न देणारी बाई माझ्यासमोर बसली होती आणि मी तिला प्रेमाविषयी माहिती देत होते. मला गप्प बसावेसे वाटले आणि मी बसले.

माहितीपत्रकाची मुदत तोवर दोन दिवसांनी उलटली होती. शब्द अजून मिळाला नव्हता. आसक्ती चिकटण्याचे काम करते; तिच्यात सञ्ज् धातू आहे. अनुरागात रंग आहे, मोहात मती गुंग होणे आहे, आणि या सर्वांना चांगल्या घरची मुळे आहेत. मला बिनमुळाचा शब्द हवा होता आणि तो आपल्या जुन्या व्याकरणकारांच्या फळीवर धूळ खात असेल हे माझ्या ध्यानात यायला उशीर झाला. प्राकृताचे व्याकरण लिहिणाऱ्यांनी शब्दांची तीन गटांत विभागणी केली होती. संस्कृतातून जसेच्या तसे आलेले तत्सम, बदलून आलेले तद्भव आणि कोठून आले ते संस्कृताच्या आधारे सांगता येत नाही असे देशी. हेमचंद्राने बाराव्या शतकात अशा देशी शब्दांचा स्वतंत्र कोशच केला. व्याकरणातही त्याला लोकांच्या तोंडचे असे बेवारशी धातू भेटले, की तो त्यांना एखाद्या कुलीन संस्कृत धातूच्या जागी येणारे आदेश म्हणून बसवून देतो. स्मृ, म्हणजे स्मरणे, या धातूच्या जागी येणाऱ्या अशा धातूंच्या रांगेत त्याने एक लहानसा धातू दिला आहे, झूर. झुरणे. आठवणे आणि वाळत जाणे यांत त्या काळच्या माणसाने भेद केलेला नसावा, असे मला त्या रांगेकडे पाहून वाटले. आजीच्या तोंडचा, भाकरीच्या पिठाइतका रोजचा शब्द, आणि टेनॉव्हबाईंच्या शब्दासारखाच बापाचे नाव न लावणारा.

मी पत्रकात लिमरन्स हा शब्द देवनागरीत तसाच ठेवला आणि वर्णनाची सुरुवात ‘एखाद्या व्यक्तीसाठी सतत झुरत राहणे’ अशी केली. पंधरा दिवसांनी छापील प्रत आली. तिसऱ्या पानावर ठळक अक्षरांत ‘अतिआकर्षण’ असे होते आणि झुरण्याच्या जागी ‘तीव्र भावनिक गुंतवणूक’. मुद्रितशोधन उत्तम होते. मी प्रत फाइलला लावली.

संक्रांतीला नाशिकला गेले तेव्हा आईने बाजारचा हलवा आणून ठेवला होता. आता तिची बोटे परातीशी बसू देत नाहीत. बशीतला एक दाणा तोंडात टाकून मी तिला म्हटले की ज्या वर्षी ते तिकीट सापडले त्या वर्षीचा तिचा हलवा मला अजून आठवतो, तिळावर काय सुरेख काटा फुलला होता. तिने चष्मा वर सरकवून माझ्याकडे पाहिले.

‘तीळ कुठले? त्या वर्षी तिळाला वास लागला होता, मी टाकून दिले. बडीशेपेवर केला होता हलवा.’